'शेरबूरच्या छत्र्या': गी आणि झनव्हिएवची ताटातूट कुणी केली, युद्धाने की वर्गाने?

कवडसा:

फ्रेंच दिग्दर्शक जॅक देमी यांचा 'ले पाराप्लुई द शेरबूर', म्हणजे 'शेरबूरच्या छत्र्या', १९६४ साली आला. त्या वर्षी कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कारही त्याला मिळाला. यात एकही वाक्य नुसतं बोललेलं नाही, अथपासून इतिपर्यंत सगळं गायलेलं आहे. याच्याबद्दल लिहिणारे बहुतेक जण एकच सांगतात: अल्जीरियाच्या युद्धाने, म्हणजे फ्रान्सच्या त्या वसाहतीच्या स्वातंत्र्ययुद्धाने, दोन कोवळ्या जीवांची ताटातूट केली. मला हे वाचन अपुरं वाटतं. युद्धाने फक्त अवधी मिळवून दिला. पुढचं काम वर्गाने केलं, आणि देमींनी ते कुणालाही खलनायक न करता पैशांच्या बारीकसारीक व्यवहारांतून दाखवलं आहे.

पाहिला नसेल त्यांच्यासाठी कथा थोडक्यात सांगतो. शेवटही सांगावा लागणार आहे, तेव्हा आधी पाहायचा असेल तर इथेच थांबा. नॉर्मंडीतलं शेरबूर बंदर, नोव्हेंबर १९५७. झनव्हिएव ही छत्र्यांच्या दुकानाची मालकीण मादाम एमरी हिची मुलगी. गी गॅरेजमध्ये मेकॅनिक, आजारी मावशीकडे वाढलेला. दोघं लपूनछपून भेटतात. गीला सक्तीच्या लष्करी सेवेचं बोलावणं येतं, तो अल्जीरियाला जातो. झनव्हिएवला दिवस गेलेत हे नंतर कळतं. पत्रं विरळ होत जातात. रोलाँ कासार नावाचा हिऱ्यांचा श्रीमंत व्यापारी तिला मागणी घालतो, मूल आपलं म्हणून वाढवायला तयार होतो, आणि ती त्याच्याशी लग्न करते. गी मार्च १९५९ मध्ये पाय जायबंदी होऊन परततो, काही काळ भरकटतो, मग मावशीची सेवा करणाऱ्या मादलेनशी लग्न करतो. डिसेंबर १९६३, नाताळची संध्याकाळ: गीच्या पेट्रोलपंपावर झनव्हिएवची काळी मर्सिडीज येऊन उभी राहते.

आता मुद्द्यावर येतो. रोलाँ या कथेत कुठून शिरतो ते पाहा. मादाम एमरीला तातडीने भरायच्या रकमेची नोटीस आलेली असते. आई आणि मुलगी मोत्यांचा हार घेऊन जवाहिऱ्याकडे जातात. तो हार विकत घ्यायला तयार होत नाही. फार तर दुकानात ठेवून घेतो, गिऱ्हाईक लागलं की पैसे देतो, असं त्याचं म्हणणं. आईला पैसे आज हवेत. नेमका रोलाँ तिथे असतो आणि तो हार लगेच घ्यायला पुढे होतो. हे घडतं तेव्हा गी शेरबूरमध्येच आहे, त्याचं जाणंही झालेलं नाही. पुढच्या सगळ्या घटनांचा पाया याच काउंटरवर घातला जातो. मादाम एमरीच्या दृष्टीने तिचं दुकान त्या दिवशी एका माणसाने वाचवलं, आणि तो माणूस गी नव्हता.

दुसरी गोष्ट मागणीची. रोलाँ घरी जेवायला येतो तो जानेवारीतल्या तीन राजांच्या सणाला. केकमध्ये लपवलेला दाणा झनव्हिएवच्या वाट्याला येतो, डोक्यावर सोनेरी कागदाचा मुकुट चढतो, आणि राजा निवडायला तिच्यासमोर एकच पुरुष बसलेला असतो. तसं ती त्याला सांगतेही. जेवणानंतर ती थकून आत जाते, आणि रोलाँ मागणी घालतो ती आईकडे. गीला या दिवाणखान्यात कधी खुर्चीसुद्धा मिळाली नाही. तो बाहेर भेटतो: रस्त्यावर, कॅफेत, नाचघरात, शेवटी स्वतःच्या खोलीत. त्याच्याविषयी आई विचारते तेव्हा प्रश्न असतात तो करतो काय, आणि पोसणार कशावर. मुलगा स्वभावाने कसा आहे याची चौकशी होतच नाही.

तेव्हा माझा दावा असा: गी पॅरिसमधल्या वकिलाचा मुलगा असता, तर तोच मुलगा, तेच युद्ध, तीच विरळ पत्रं असूनही मादाम एमरीने मुलीला दोन वर्षं थांबायला सांगितलं असतं. मतं वेगळी असतील तर प्रसंग समोर ठेवून मांडा.

रीळ_नंबर_तीन:

सहमत नाही. प्रसंग मागितलेत, तर सुरुवात तारखांपासून करतो. चित्रपटाचे तीन भाग आहेत: प्रस्थान, विरह, पुनरागमन. पडद्यावर महिना आणि साल लिहून येतं. देमींनी त्यांना 'गॅरेज', 'दुकान', 'दिवाणखाना' अशी नावं दिली नाहीत. रचनेचा कणाच एका माणसाच्या जाण्यायेण्याचा आहे, आणि त्याला नेणारं आणणारं सरकार आहे.

त्या काळात सक्तीची सेवा कायद्याने १८ महिन्यांची होती. अल्जीरियामुळे मुलांना त्यापुढेही अडकवून ठेवत, आणि ती प्रत्यक्षात २७-२८ महिन्यांपर्यंत लांबे. दहा लाखांहून अधिक फ्रेंच तरुण असे समुद्रापार गेले. यात सगळ्या थरांतली मुलं होती. गी दोन वर्षांच्या हिशेबाने निघतो आणि जखमी झाल्यामुळे सव्वा वर्षाच्या आसपास परत येतो. धडधाकट राहिला असता तर आणखी उशीर झाला असता.

पत्रांचं म्हणाल तर सैनिकांना टपालखर्च नव्हता, पाकिटावर लष्करी टपाल-सेक्टरचा क्रमांक टाकला की पत्र जाई. पण चौकीवरून गस्तीला गेलेला शिपाई लिहिणार कधी? गीचं जे पत्र आपल्याला ऐकवलं जातं त्यात दबा धरून झालेल्या हल्ल्याचा उल्लेख आहे, आणि इथे ऊन आणि मरण बरोबरच फिरतात अशा अर्थाचं वाक्य आहे. त्यातच होणाऱ्या बाळाच्या नावाचा विषयही आहे. म्हणजे त्याला दिवस गेल्याचं माहीत आहे, आणि तो पळपुटा नाही. त्याचं न लिहिणं म्हणजे युद्धच. आईने पत्रं लपवली अशी शंका काही प्रेक्षक घेतात, पण तसा एकही प्रसंग चित्रपटात नाही.

आणखी एक. हा चित्रपट फेब्रुवारी १९६४ मध्ये लागला. युद्ध संपून दोन वर्षंही झाली नव्हती. सरकारी भाषेत ते युद्ध नव्हतंच, 'सुव्यवस्था राखण्याची कारवाई' होती. त्याला युद्ध म्हणणारा कायदा फ्रेंच संसदेने केला तो थेट १९९९ मध्ये. फ्रेंच दिग्दर्शक गोदारचा 'ल पती सोल्दा' हा चित्रपट अल्जीरियाच्या विषयामुळे १९६० पासून १९६३ पर्यंत अडवून ठेवला होता. अशा वातावरणात देमी एका रंगीत, गाणाऱ्या प्रेमकथेत 'अल्जीरिया' हा शब्द स्वच्छ उच्चारतात, आणि तिथून लंगडत परतलेला नायक दाखवतात. यातलं धाडस वर्गाच्या चर्चेत हरवून जातं, म्हणून मला तुमचं वाचन खटकतं.

पागोळी:

दोघांच्याही मांडणीत झनव्हिएव पार्सलसारखी झाली आहे, कुणीतरी ती कुणाकडून तरी कुणाकडे पाठवली. १९५७-५८ च्या फ्रान्समध्ये त्या मुलीपुढे नेमके कोणते रस्ते होते ते आधी पाहू या.

सज्ञान होण्याचं वय २१ होतं. ते १८ वर आलं १९७४ मध्ये. म्हणजे झनव्हिएव आईच्या संमतीशिवाय लग्न करूच शकत नव्हती. गीसुद्धा जेमतेम विशीचा. 'पळून जाऊन लग्न का केलं नाही' याला कायद्यातच उत्तर आहे. १९२० च्या कायद्याने गर्भनिरोधनाची साधनं विकणं आणि त्यांचा प्रचार करणं गुन्हा होता, त्याला मोकळीक मिळाली डिसेंबर १९६७ मध्ये. गर्भपात १९७५ पर्यंत बेकायदा. नवऱ्याच्या परवानगीशिवाय नोकरी धरणं, स्वतःच्या नावाने बँकेत खातं उघडणं हे हक्क विवाहित बाईला १९६५ च्या कायद्याने मिळाले.

आता त्या प्रसंगाकडे या. आईला दिवस गेल्याचं कळतं, ती विचारते हे झालं कसं, आणि मुलगी सांगते की सगळ्यांचं होतं तसंच. हे उत्तर देणारी मुलगी बावळट नाही. तिला परिस्थिती पुरती कळलेली आहे. ती महिनेन् महिने थांबते, आणि मग ठरवते. रोलाँ परत येईल आणि तिची वाढलेली अवस्था पाहून मागे फिरेल, तर निर्णय आपोआप होईल, असा तिचा हिशेब असतो. तो मागे फिरत नाही. अँटवर्पला पाहिलेल्या मेरी आणि बाळाच्या चित्राची आठवण त्याने तिला आधीच सांगितलेली असते. त्याच्या स्वीकारण्यात मोठेपणा आहे, आणि तिच्या होकारात शहाणपण आहे. याला वर्गाचा विजय म्हणणं तिच्यावर अन्याय आहे.

मादाम एमरीबद्दलही सांगते. ती एकटी बाई कर्जात बुडालेलं दुकान चालवते आहे. गिऱ्हाईक छत्री घ्यायला येतं तेही पाऊस पडला तर. मुलीने आपल्यासारखं आयुष्य काढू नये असं तिला वाटलं तर त्यात हाव कुठे आहे? प्रेमाने माणसं फक्त सिनेमात मरतात असं ती मुलीला सांगते. हे वाक्य तिने पुस्तकात वाचलेलं नाही, ते तिच्या आयुष्यातून आलेलं आहे.

कवडसा:

@रीळ_नंबर_तीन, 'सगळ्या थरांतली मुलं गेली' हे पूर्ण खरं नाही. शिक्षण चालू असलेल्यांना सेवेची तारीख पुढे ढकलून मिळत असे. विद्यापीठात असलेला मुलगा चोविशी-पंचविशीपर्यंत थांबू शकत होता. चौदाव्या-पंधराव्या वर्षी गॅरेजात लागलेल्या मुलाकडे तो कागद नव्हता. त्याला विसाव्या वर्षी, प्रेमात पडलेला असताना, लग्नाआधी, जावंच लागलं. मावशीचं आजारपण, घरची स्थिती यांनी काही फरक पडला नाही. म्हणजे ज्या युद्धाला तुम्ही वर्गापासून वेगळं काढता, त्याचं बोलावणंसुद्धा माणसाचा वर्ग बघून कधी यायचं ते ठरत होतं.

भत्त्याचंही तसंच. सक्तीच्या शिपायाला मिळणारे पैसे जेमतेम हातखर्चाचे. गी तिथून बाळासाठी काय पाठवणार होता? पत्रं दर आठवड्याला आली असती तरी दुकानाचं देणं तसंच राहिलं असतं.

@पागोळी, कायद्यांची माहिती मोलाची आहे, आणि ती माझ्याच बाजूने जाते असं मला वाटतं. हे कायदे कागदावर सर्वांना सारखे होते, पण आईच्या हातात संमतीची किल्ली दिल्यावर ती किल्ली आई कुणासाठी फिरवते हा प्रश्न उरतोच. गीसाठी नाही, रोलाँसाठी हो. दोघांत फरक कोणता?

पागोळी:

फरक हा की एक समोर होता आणि एक नव्हता. आणि रोलाँला 'वरच्या वर्गातला' म्हणताना त्याचा इतिहास विसरू नका. हे पात्र देमींनी आपल्या पहिल्या चित्रपटातून, 'लोला' (१९६१) मधून आणलं आहे. तिथे रोलाँ नाँत शहरात नोकरी गमावलेला, भणंग, स्वप्नाळू तरुण आहे, आणि त्याला नकार मिळतो. 'छत्र्या'मध्ये तो आपली जुनी गोष्ट सांगतो तेव्हा नाँतची ती पॅसाज पोमरे नावाची झाकलेली बाजारगल्ली पडद्यावर येते. कॅमेरा रिकाम्या गॅलऱ्यांमधून फिरतो, माणूस दिसत नाही. त्या वेळी तो गातो ती चाल संगीतकार मिशेल लग्राँ यांनी 'लोला'साठी आधीच बांधली होती. म्हणजे काही वर्षांपूर्वी रोलाँ गीच्याही खाली होता. हा जन्मजात सरदार नव्हे.

दर्यावर्दी:

रोलाँचा मुद्दा फार महत्त्वाचा आहे, आणि तो शेवटच्या प्रसंगाला जोडला की सगळं चित्र बदलतं. त्यावर कुणीच लिहिलं नाही म्हणून सविस्तर लिहितो.

डिसेंबर १९६३ मध्ये गी कोण आहे? पंपाचा मालक. मावशी वारल्यावर तिने मागे ठेवलेल्या पैशातून त्याने पांढरा, नवा कोरा एस्सोचा पंप घेतला. हाताखाली माणूस आहे. झनव्हिएवची गाडी येते तेव्हा 'सुपर की साधं' हे तो नोकर विचारतो, गी विचारत नाही. गी मालकाच्या केबिनमध्ये उभा आहे. म्हणजे ज्या मेकॅनिकला १९५७ मध्ये 'पोसणार कशावर' म्हणून नाकारलं, तो सहा वर्षांत नेमका मादाम एमरीच्या पायरीवर पोचला: स्वतःचं दुकान असलेला छोटा व्यावसायिक. आणि त्याच्या मालाला पावसाची वाट पाहावी लागत नाही. फ्रान्समध्ये ती वर्षं मोटारींच्या भरभराटीची होती. छत्र्यांचं दुकान बुडतं आणि पेट्रोलपंप चालतो, हा त्या दशकाचा हिशेब देमींनी दोन दुकानांत मांडला आहे.

पहिल्या भागात याची पेरणी आहे. झनव्हिएव गीला म्हणते तुझ्या अंगाला पेट्रोलचा वास येतो, तो म्हणतो तोही एक सुगंधच. पुढे दोघं स्वप्न रंगवतात तेव्हा पंपाचा विषय निघतो, मुलगी झाली तर फ्रांस्वाझ नाव ठेवायचं ठरतं. शेवटी पंप होतो, फ्रांस्वाझ होते. फक्त पंप एकाकडे आणि फ्रांस्वाझ दुसरीकडे.

म्हणून कवडसा यांचं 'वर्गाने तोडलं' हे मला अर्धवट वाटतं. वर्ग म्हणजे दगडी भिंत असं समजलं तर ते चुकतं. त्या काळी भिंत हलत होती. रोलाँ ती ओलांडून वर आला, गी थोडा उशिरा थोडी वर आला, मादाम एमरी खाली घसरत होती. गीचा घात झाला तो भांडवल हाती यायला उशीर झाला म्हणून. मावशीचे पैसे नोव्हेंबर १९५७ मध्ये हाती असते तर मादाम एमरीने त्याच दिवाणखान्यात त्याला केक वाढला असता.

रीळ_नंबर_तीन:

@दर्यावर्दी, उत्तम मांडणी. पण मग हाच प्रश्न परत येतो: तो उशीर केला कुणी? सव्वा वर्ष हिरावून घेतलं, पाय जायबंदी केला, परतल्यावर गॅरेजात मालकाशी खटका उडून काम सोडावं लागलं, दारू, बंदरावर वेश्येसोबत काढलेली रात्र. हे सगळं अल्जीरियातून आलेलं आहे. वारसा तर मावशी मेल्यावरच मिळणार होता, युद्ध असो नसो.

मोरपंखी:

सगळे कथेवर भांडताय. हा चित्रपट कथेने अर्धाच सांगितलेला आहे, उरलेला सुरांनी आणि भिंतींनी.

आधी सूर. आपल्याकडच्या संगीत नाटकात गद्य थांबतं आणि पद सुरू होतं, तसं इथे होत नाही. इंजिन थंड असताना थोडा आवाज करतं हेही गाण्यात आहे, आणि हाराची घासाघीसही गाण्यात. लग्राँ आणि देमी यांनी सगळं संगीत आधी बांधलं, गायकांकडून संपूर्ण ध्वनिमुद्रण आधी करून घेतलं, आणि मग नट त्या ध्वनिफितीवर ओठ हलवत उभे राहिले. झनव्हिएव झालेल्या कातरीन दनवसाठी दानिएल लिकारी गायली आहे, गी झालेल्या नीनो कास्तेलनुओवोसाठी जोझे बार्तेल, आईसाठी लग्राँ यांची बहीण क्रिस्तियान. याचा परिणाम असा की प्रत्येक वाक्याचं माप आणि दोन वाक्यांमधला थांबा चित्रीकरणाआधीच पक्का झाला होता. नटाला रेंगाळायची सोय नाही. पंपावरचा शेवटचा प्रसंग इतका कोरडा आणि झटपट वाटतो त्याचं एक कारण हे आहे: वाक्यं लहान आहेत, आणि वाद्यवृंद कुणासाठी थांबत नाही.

माझा मुद्दा असा की हे तंत्र वर्गभेद पुसून टाकतं. पहिल्याच प्रसंगात गॅरेजातले कामगार हात धूत असतात. गी संध्याकाळी 'कार्मेन' ऐकायला जाणार असतो आणि एक जण सांगतो की ऑपेरात सगळे गात बसतात ते मला सोसत नाही, आपल्याला सिनेमा बरा. हे तो गातच सांगतो. ऑपेरा बड्यांचा आणि सिनेमा कष्टकऱ्यांचा ही वाटणी देमींनी पहिल्या पाच मिनिटांत मोडून टाकली. मेकॅनिक आणि हिऱ्यांचा व्यापारी एकाच वाद्यवृंदावर गातात, एकाला कमी प्रतीची चाल दिलेली नाही. उलट सगळ्यात मोठी, मनात घर करणारी चाल मेकॅनिकच्या वाट्याला आहे. अशा चित्रपटाला वर्गसंघर्षाची कैफियत म्हणणं मला पटत नाही.

कवडसा:

@मोरपंखी, सुरांचं मान्य. भिंतींचं मात्र तुम्ही नुसतं नाव घेतलं आणि सोडून दिलं, आणि तिथेच तुमच्या विरुद्ध पुरावा आहे. नेपथ्यकार बेर्नार एव्हँ यांनी खरी दुकानं, खऱ्या खोल्या घेऊन त्यांना रंग आणि छापील कागद चढवले, झाकलिन मोरो यांनी कपडे त्यांच्याशी जुळवले. विरहाच्या भागात झनव्हिएवच्या अंगावरचा फुलाफुलांचा झगा आणि मागचा भिंतीवरचा कागद नीट पाहा. दोन्हींची नक्षी एक होते, आणि मुलगी आईच्या घराच्या भिंतीत मिसळून जाते. हे गी गेल्यानंतर, पोटात मूल असताना घडतं. तो आधीच्या भागात तिच्यासोबत रस्त्यावरून जातो तेव्हा दोघं चालतही नाहीत, सायकल धरून उभे असतात आणि खालची गाडी त्यांना सरकवत नेते, भिंती मागे पळतात. घराबाहेर ती तरंगते, घरात ती भिंतीला चिकटते. कॅमेरा आणि रंग जे सांगतात ते माझ्या बाजूचं आहे.

मोरपंखी:

झग्याचं निरीक्षण चांगलं आहे, निष्कर्ष नाही. भिंतीत मिसळणं ही गर्भारपणातल्या घरकोंडीची खूण आहे, ते कुठल्याही थरात झालं असतं. आणि रंगावर वाद घालणाऱ्यांनी आधी आपण कुठली प्रत पाहिली ते तपासावं. मूळ निगेटिव्ह ईस्टमनकलरची, तिचे रंग काही वर्षांत उडू लागतात. म्हणूनच देमींनी तीन मूळ रंगांच्या वेगवेगळ्या कृष्णधवल फिती काढून ठेवल्या होत्या, कारण कृष्णधवल चांदी टिकते. १९९० मध्ये देमी गेल्यावर त्यांच्या पत्नी, दिग्दर्शिका आन्येस वार्दा, यांनी १९९२ मध्ये त्या तीन फितींवरून रंग पुन्हा बसवले. पुढे २०१३ मध्ये डिजिटल प्रत निघाली. जुन्या फिकट प्रतीत गुलाबी विटकरी होतो, हिरवा करडा होतो, आणि झगा-भिंतीचा हा खेळ दिसतच नाही. या दोन्हींपैकी एक प्रत मिळवा, तेव्हाच भिंतींवर बोलता येईल.

दर्यावर्दी:

त्याच प्रतीत एक गोष्ट आणखी ठळक दिसते. गॅरेज, दुकान, मावशीची खोली, नाचघर या सगळ्यांना भडक रंग आहेत, आणि पंप जवळजवळ पूर्ण पांढरा आहे, वर बर्फ. रंगाने वर्ग सांगायचा होता तर मालक झालेल्या गीला रंग द्यायला हवा होता.

रीळ_नंबर_तीन:

किंवा पांढरा हा उरलेला भाव आहे. दोघंही फार बोलत नाहीत. आई गेल्या शरदात गेली, मुलीला पश्चिम फ्रान्समधल्या आंजूहून सासूकडून घेऊन पॅरिसला निघाले होते, वाट वाकडी करून इकडे आले, एवढं ती सांगते. मुलीला भेटतोस का विचारते. तो नको म्हणतो. आंजूहून पॅरिसला जाताना शेरबूर वाटेत येत नाही, नकाशा काढून पाहा, तो भला मोठा वळसा आहे. श्रीमंती मिळवून समाधानी झालेली बाई एवढी गाडी फिरवत नाही. वर्गाने तिला जे द्यायचं ते सगळं दिलं, आणि तरी ती नाताळच्या संध्याकाळी इथे आली. तुमच्या मांडणीत या वळशाला जागा कुठे आहे, कवडसा?

कवडसा:

आहे. ती आली, पण उतरली ती फर कोट घालून, मर्सिडीजमधून, आणि गीला 'तू' म्हणत असूनही दोघांमध्ये काउंटर उभा होता. वळसा प्रेमाचा आहे हे मी नाकारत नाही. प्रेम संपलं असं मी कुठेच म्हटलेलं नाही. प्रेम शिल्लक असूनही काही करता येत नाही, हेच मला दाखवायचं आहे.

पागोळी:

करता येत नाही असं कशावरून? गीच 'तू आता निघावंस' असं म्हणतो. तो हतबल म्हणून नव्हे, त्याला मादलेन आणि मुलगा परत येण्याच्या आत हे आवरायचं आहे म्हणून. आणि इतक्या प्रतिसादांत मादलेनवर एक ओळ नाही, ही या धाग्याची मोठी उणीव आहे.

मादलेन या सगळ्यांत गरीब. तिला ना दुकान, ना वारसा, ना आई. दुसऱ्याच्या आजारी माणसाची शुश्रूषा हे तिचं काम. मावशी गेल्यावर तिचं कामही जातं, ती निघायच्या बेतात असते, गी तिला थांबवतो. कॅफेत तो लग्नाचं विचारतो तेव्हा ती हुरळत नाही. नैराश्यातून तर विचारत नाहीस ना, झनव्हिएवचा विचार अजून करतोस का, हे ती आधी विचारून घेते. तिच्या जागी बसून पाहा: होकार दिला तर पंपाच्या मालकाची बायको, नकार दिला तर पुन्हा कुणाच्या तरी घरी रुग्णसेवा. तरीही ती प्रश्न विचारते. वर्गाचा दाब सर्वांत जास्त जिच्यावर आहे ती सर्वांत कमी वाकते. मादाम एमरीकडे गमावण्यासारखं दुकान होतं म्हणून तिला भीती होती. म्हणून मला वाटतं कवडसा यांनी प्रश्न पुन्हा मांडावा: गी आणि झनव्हिएव यांच्यातलं अंतर खरं पाहता एका पायरीचं होतं, मेकॅनिक आणि कर्जबाजारी दुकानदार. गी आणि मादलेन यांच्यातही शेवटी एका पायरीचंच आहे. एक जोडी का टिकली नाही आणि दुसरी का टिकली, याचं उत्तर पायरीत सापडत नाही.

कवडसा:

सापडतं, कारण दुसऱ्या जोडीत वरच्या पायरीवर पुरुष आहे. १९५९ च्या फ्रान्समध्ये मालकाने रुग्णसेविकेशी लग्न केलं तर कुणी विचारत नाही तो तिला पोसणार कशावर. मुलगी दुकानदाराची आणि मुलगा मेकॅनिक असला की तोच प्रश्न पहिला येतो. तुम्हीच वर सांगितलेले कायदे याचं कारण आहेत: १९६५ पर्यंत बायकोची नोकरी आणि खातं नवऱ्याच्या परवानगीवर असेल, तर मुलीचा वर्ग लग्नानंतर नवऱ्याचाच होणार. म्हणून मादाम एमरीला जावयाची कमाई मोजावी लागते आणि गीच्या मावशीला सुनेची मोजावी लागत नाही. मादलेनवर मात्र मी लिहायलाच हवं होतं. तिच्या कॅफेतल्या प्रश्नांवर वेगळा धागा तुम्हीच काढा, तिथे उत्तर द्यायला येतो.